खिळ्यावरची माणसं

रेवणआप्पाच्या हातात सुतळी दिसली की आमच्या गल्लीतल्या बाया पोरं आत ओढून घेत्यात. पोलिसाला हितं कोण भीत न्हाय, कुत्र्याला भीत न्हाय, पर हा म्हातारा बोटाला सुतळी गुंडाळून, मान खाली घालून, चपला फरफटत निघाला की नळावर भांडणाऱ्या बायासुदीक घागर तशीच कंबरंवर धरून गप उभ्या राहत्यात आन बघत्यात, ह्यो आता कुणाच्या दारात थांबतोय. कारण ज्याच्या दारात थांबतो तितलं माणूस गेलेलं असतंय.

मी पहिल्यांदा बघितलं तवा दाराला कडी लावून आतच बसले. पर पहिल्यापासनं सांगते, न्हायतर तुमीबी माझ्यावानी भ्याल.

रेवणआप्पा सुतार हाय. खुर्च्या करतो. कपाट न्हाय, पलंग न्हाय, दारं-खिडक्या न्हाय, खुर्च्याच, आन त्याबी एका येळंला एकाच माणसाची. कोण तयार खुर्ची मागाय आलं तर म्हणतो, "तयार चप्पल घाल, तयार चड्डी घाल. बूड तयार मिळत न्हाय." मंग त्या माणसाला फळीवर बसवतो, पाय जमिनीला टेकवाय लावतो आन सुतळी घेतो. टाचंपासनं गुडघ्याच्या मागच्या खळग्यापर्यंत एक गाठ, तितनं पाठीपर्यंत एक, बसल्या जागेपासनं कोपरापर्यंत एक, मंग खांद्यापर्यंत एक. माणूस संपलं. टेप हाय की त्याच्याकडं, पर ती त्यानं दाराला बांधलीया, दार वाऱ्यानं आपटू नये म्हणून. कुणी इचारलंच तर म्हणतो, "टेप बत्तीस म्हणती. बत्तीस कुणाचं? म्हशीचंबी असंल."

तर त्याच्याकडं येत्यात कोण, ज्यांची पाठ धरलीया ती. उभा जन्म मागावर वाकलेली म्हातारी माणसं, शिलाई मशीनवरच्या बाया, रिक्षावाले. खुर्चीत खिळा मारत न्हाय, लाकडाला खाच पाडून लाकडातच लाकूड बसवतो. खिळे मारतो ते फक्त भिंतीला. आन त्या खिळ्यांवर सुतळ्या. भिंत भरून सुतळ्या, सगळ्या एकाच रंगाच्या, नाव न्हाय, चिठ्ठी न्हाय. अंगठा फिरवतो आन सांगतो ही कोण.

त्याचा नेम असा, की माणूस गेलं की त्याची सुतळी त्याच्यासंगं गेली पायजे. "माप हितं आन माणूस तितं, मंग दोघांची वडाताण हुती," म्हणतो. म्हणून तो सुतळी घेऊन मयताच्या घरी जातो, घरच्याच्या हातात देतो, एक शब्द बोलत न्हाय, चहा घेत न्हाय, माघारी येतो.

ह्यात एकदा लई घोटाळा झालता म्हणं. आमची शेजारीण शमीमभाभी, तिचा नवरा रिक्षा चालवतो, तिनं मला सांगितलं. कोपऱ्यावरचा तात्या खाटंला खिळून होता, कूससुदीक बदलत नव्हता. आप्पा मेथीची जुडी बांधाय मोकळी सुतळी घेऊन भाजीवालीकडं निघाला, आन नेमकं तात्याच्या दारात त्याच्या चपलंचा अंगठा तुटला. वाकला, थांबला. आतनं सुनंनं बघितलं आन टाहो फोडला. पावणे-रावळ्याला फोन गेले, पुतण्या जेऊरला गाडीत बसलाबी. आन तात्या खाटंवरनं उठून, भिंत धरत धरत दारात आला आन म्हणला, "कोण गेलं?" त्याला कुणी सांगंना. तात्या अजून हाय, चांगला हिंडतोय, पर आप्पाला बघितलं की रस्ता बदलतो.

आन लाकडाचं तर इचारूच नका. आप्पाच्या खुर्च्यांचं लाकूड सगळं जुन्या हातमागाचं. हिकडं घराघरात माग होते, ते मोडले, लोकांनी खांब जळणाला काढले, आप्पानं उचलून आणले. सागवानच की. एकेक खांब कानाला लावतो, टिचकी मारतो, डोळे झाकून ऐकतो. "अजून चालतोय," म्हणतो, "थांबंना झालाय." थांबल्याबिगर त्याला करवत लावत न्हाय. एक खांब तर कोपऱ्यात भिंतीकडं तोंड करून उभा केलाय, का तर तो लई बोलतोय.

लाकडाम्होरं खोटं बोलायचं न्हाय हा दुसरा नेम. खोटं ऐकलं की जोड कुरकुरतो म्हणतो. म्हणून दुकानात मोबाईल वाजला की आप्पा आधी लाकडावर पोतं टाकतो. एक पुढारी खुर्ची कराय आला, आल्या आल्या फोनवर कुणाला तरी म्हणाला, "मी पुण्यात हाय." आप्पाला पोतं टाकायला येळच मिळाला न्हाय. रंधा खाली ठिवला, म्हणला, "गेली ह्यांची खुर्ची," आन केलीच न्हाय. ते लाकूड अजून तसंच पडलंय.

आता ह्या सगळ्याला हसाय येतंय. पर तुमी आमच्या खोलीत राहून बघा.

आमी वैरागकडचे. आमचे मालक चिंचोळी एमआयडीसीत कामाला लागले आन आमी गल्लीतली ही खोली घेतली. खोलीची आन आप्पाच्या दुकानाची भिंत एकच, तीबी फळ्यांची. मालक डबा घेऊन सकाळीच जाणार, मंग मी आन माझा शंभू, दोघंच. सोलापूरचं ऊन तुमाला ठावंच हाय, बारा वाजले की गल्लीत चिमणी दिसत न्हाय, पत्रा तडतडतोय, लाईट गेलेली. तसल्यात भिंतीपलीकडचा रंधा थांबायचा. मंग लाकडं बोलाय लागायची. कट. कट. जरा थांबून अजून एक, कट. तापल्यावर लाकूड तसं वाजतं हे मला ठावं हाय वो, गावाकडं आड्याचं लाकूड वाजतंय की. पर हे वाजणं एकामागनं एक सरकत यायचं, म्हंजी कोण रांगेनं उठून बसल्यावानी. आन मंग आप्पाचा आवाज, मऊ, लेकराला बोलावल्यासारखा. "कुंद्र, यव्वा, कुंद्र." जरा थांबून, "कुंद्री अण्णा, कुंद्री."

एक दिवस भीतभीत फळीच्या फटीला डोळा लावला. आत खुर्च्या. भिंतीकडनं अर्धगोल मांडलेल्या, रिकाम्या, एक उंच, एक बुटकी, एकीचा हात एकीकडं जास्त वर. आन मधी आप्पा एका ठोकळ्यावर बसलाय, हातात चहा, सगळ्या खुर्च्यांकडं तोंड करून. एकेकीकडं बघून मान हालवतोय. मधीच हसला. मी तितनं जी मागं सरले ती शंभूला घिऊन थेट शमीमभाभीच्या दारात.

भाभीचं माहेर अक्कलकोटकडचं, तिला कानडी येतंय. ती म्हणली, "कुंद्र म्हंजी बस, यव्वा म्हंजी बाई."

म्हणलं, बस कुणाला?

"वो तो वोच जाने," म्हणली, आन कांदा चिरत राहिली.

त्यानं काय माझं भ्या कमी झालं न्हाय. मंग तिनंच सांगितलं, त्या खुर्च्या वापस आलेल्या हायत. म्हातारा गेला की पोरगं त्याच्या खुर्चीत बसतंय, आठ दिवसांत त्याची पाठ धरती. दुसऱ्याच्या मापाची खुर्ची ती, दुसऱ्याला बसत न्हाय. जाळाय जीव व्हत न्हाय, भंगारात द्याय जीव व्हत न्हाय, मंग गुपचूप आणून आप्पाच्या दारात ठिवत्यात. आप्पा त्या पुसून आत मांडतो. म्हंजी माझ्या खोलीच्या भिंतीला लागून मेलेल्या माणसांच्या खुर्च्या, आन मी तितंच शंभूची झोळी बांधलेली. त्याच दिवशी झोळी पलीकडच्या भिंतीला नेली.

आता शंभूचं सांगते, कारण सगळं भ्या त्याच्यापाशीच येऊन थांबत होतं. शंभूला वरीस उलटून गेलतं. दात आले, मामा म्हणाय लागला, रांगतोय तर असा की भिंगरी. पर उभा राहत नव्हता. धरून उभं केलं की पाय गोळा करायचा आन मटकन खाली. सासूबाईचा गावाकडनं रोज फोन, "राहिला का उभा?" जसं काय मीच त्याला धरून बसवलाय. दवाखान्यातल्या बाई म्हणल्या, काय न्हाय, काय पोरं उशिरा उभी राहत्यात, आधार द्या. पर रातच्याला माझ्या मनात यायचं, नसला राहणार तर?

आन शंभूला खोड अशी, दार उघडं दिसलं की सरळ आप्पाच्या दुकानात. भुसा, रंध्याच्या साली, त्याला मज्जा. मी ओढून आणायची, तो परत जायाचा.

एक दिवस दुपारचं पाणी आलं. चार-पाच दिसांनी येतंय, सोडून चालतंय का. दोन घागरी भरल्या आन बघते तर शंभू न्हाय. पळत दुकानाच्या दारात गेले. आन काय बघावं. फळीवर माझं लेकरू, उताणं, डोळे मिटलेलं, हालचाल न्हाय. आन आप्पा त्याच्यावर वाकलेला, सुतळीचं एक टोक त्याच्या टाचंला, दुसरं छातीपाशी. माझ्या डोळ्याम्होरं त्यानं गाठ मारली.

आमच्यात माणसाला निजवून कवा मापत्यात हे मी काय तोंडानं सांगावं. बांबू तोडायचा असतोय तवाच.

मी काय वरडले मला ठावं न्हाय. पोराला उचलला तसा तो दचकून रडाय लागला, झोपला होता वो, नुसता झोपला होता, आन त्याचं रडणं ऐकून मीबी रडाय लागले. आप्पा हातात सुतळी धरून तसाच उभा. मी घरात येऊन कडी लावली.

मालकाला सांगितलं तर ते हसले. म्हणले, टेलर मापतो तवा मरतंय का कोण. पर जेवताना एका हातानं शंभूचे गुडघे चाचपून बघत होते, मी बघितलं. सासूबाईला सांगाय नको होतं, सांगून बसले. त्यांनी आधी देवाचं नाव घेतलं. मंग म्हणल्या, "वाढतं लेकरू मापू नये गं. माप लागलं की तितंच राहतंय." वर अजून, "गाठ मारली व्हय? आगं मंग पाय बांधला की त्यानं."

झालं. दुसऱ्या दिवशी भाभीला संगं घेतलं आन आप्पाच्या दारात उभी राहिले, उंबऱ्याच्या अलीकडं. म्हणलं, माझ्या शंभूची सुतळी द्या. मला वाटलं भांडंल. त्यानं रंधा थांबवला, भिंतीपाशी गेला, सगळ्यात खालच्या खिळ्यावरनं एक सुतळी काढली, अंगठा फिरवला आन माझ्या हातात दिली.

"ने. तुझ्या लेकराची हाय," म्हणला. "टाकू नको फक्त कुटं."

एवढंच. आन तितनं माझी खरी फजिती सुरू झाली. कारण ती सुतळी मी घरात आणली खरी, आता ठिवू कुटं?

गाठी सोडाव्या म्हणलं, तर ती माझ्या पोराची उंची. गाठ सुटली आन उंचीबी सुटली तर? जाळाय तर हातच व्हईना. घंटागाडी आली, दारात उभी राहिली, मी सुतळी मुठीत धरून उभी, गाडीवाला म्हणतोय, टाका की ताई, आन मी म्हणतेय, काय न्हाय दादा, जावा. सासूबाई म्हणल्या, वाहत्या पाण्यात सोड. सोलापुरात वाहतं पाणी कुटनं आणू? आन आणलं तर पोराचं माप वाहवून देऊ व्हय? तांदळाच्या डब्यात ठिवली, तर त्या दिवशी शंभूनं भात खाल्ला न्हाय. चादरीच्या घडीत ठिवली, तर मला वाटाय लागलं त्याचा जीव गुदमरतोय. देवाच्या फोटोमागं ठिवली, तितं पाल. शेवटी माझ्याच मनगटाला बांधली आन तसंच सगळं काम कराय लागले, भांडी, धुणं, सगळं एका हातानं, हात भिजू नये म्हणून. मालक म्हणाले, आता मला तुझंच भ्या वाटाय लागलंय.

आन एक दिवस दुपारी भाकरी थापताना पीठ लागंल म्हणून जरा सोडून कट्ट्यावर ठिवली. भाभीची मांजर आली आन ती तोंडात धरून गेली.

तुमाला हसाय येईल, मला त्यादिशी आलं न्हाय. पत्र्यावर मांजर, तिच्या तोंडात माझ्या पोराची लांबी, टाचंपासनं छातीपर्यंत, लोंबतीया. ती एकेक गाठ चावून बघतीया. खाली शंभू टाळ्या वाजवतोय. मी पिठाच्या हातानं खाली पळतेय, वर बघतेय, तिला हाक मारू तर ती पुढं पळंल, गप बसू तर ती गिळंल. शमीमभाभी झाडू घिऊन आली. मी म्हणलं, मारू नका वो, सुतळी तिच्या तोंडात हाय. भाभी म्हणली, "क्या पागल है गे," आत गेली, सुकट घिऊन आली आन खाली टाकली. मांजरीनं सुतळी सोडली आन उडी मारली. सुतळी केबलच्या वायरीवर आडकली, ती काठीनं काढली. एक शेंडा चावून ओला झालता.

मी तितंच मातीत बसले. आन मला एकच सुचलं, की ह्या साऱ्या सोलापुरात एकच जागा हाय जितं ह्या सुतळीला कोण हात लावत न्हाय, मांजर न्हाय, उंदीर न्हाय, गाडीवाला न्हाय. आप्पाचा खिळा.

बारा वाजून गेले होते. शंभूला काखंला मारला आन गेले. रंधा बंद होता. आत खुर्च्या तशाच अर्धगोल, सगळ्यांची तोंडं दाराकडं, म्हंजी माझ्याकडं. एकीतनं कट असा आवाज आला. मी उंबऱ्यातच शंभूला घट्ट धरला.

आप्पानं वर बघितलं आन म्हणला, "कुंद्र, यव्वा."

ह्यावेळी ते मला होतं. पर बसू कुटं? एकबी खुर्ची मोकळी नव्हती, रिकामी असून मोकळी नव्हती. तो ठोकळ्यावरनं उठला, ठोकळा माझ्याकडं सरकवला आन सोता उभा राहिला.

मी बसले आन सुतळी पुढं केली. "ठेवा वो तुमच्यापाशी. मला जपाय येत न्हाय."

त्यानं अंगठा फिरवला. एक गाठ, दुसरी गाठ. "गाठी हायत," म्हणला. "शेंडा खाल्लाय, तो जास्तीचा होता." मंग कोपऱ्यातलं एक पोतं बाजूला केलं. खाली तीन चाकं. बाभळीची, गुळगुळीत केलेली, त्यावर दोन उभे दांडे आन वर काय न्हाय. पांगुळगाडा. धरायची आडवी दांडीच बसवायची राहिलेली.

"कुटवर आणू?" म्हणला. "छातीला लागली पायजे. माप तू नेलंस."

म्हंजी इतके दिवस तो थांबलेला. मी घरात ती सुतळी डब्यात, घडीत, देवात ठिवत होते आन हितं माझ्या लेकराचा आधार दांडीवाचून पडलेला. म्हणलं, तुमी तर खुर्च्याच करता की.

"त्याला खुर्ची कशाला?" म्हणला. "बसलेलंच हाय ते."

मंग मला जरा धीर आला आन मी इचारलं, की निजवून का मापलं. तो म्हणला, उभं राहत न्हाय आन बसलं तर गप बसत न्हाय, भुशात झोपलं तवा घावलं, तर उचलून फळीवर घेतलं. मंग माझ्याकडं बघून, "तू का वरडलीस?"

मी सांगितलं. आमच्यात असं असतं, म्हणलं, निजवून मापणं चांगलं नसतं.

आप्पा हसला. हसताना त्याच्या तोंडात दातच न्हाईत हे मी पहिल्यांदा बघितलं. "आमच्यात निजवत न्हाईत, यव्वा," म्हणला. "आमच्यात बसवत्यात. मातीतबी बसवूनच ठिवत्यात. निजलेलं माप म्हंजी झोपलेलं लेकरू. दुसरं काय?"

मी त्या खुर्च्यांकडं बघितलं. अंगावर काटा आला तो आलाच, पर तो वेगळा होता. हा म्हातारा माणसं का बसवून मापतो, का एवढं गुडघ्याच्या खळग्यापर्यंत बघतो, ते माझ्या ध्यानात आलं. एकदा बसलं की बसलं. मंग उठून पाय मोकळे करता येत न्हाईत.

भिंत भरून सुतळ्या. मी सहज इचारलं, ह्यात तुमची कुटली, आप्पा?

त्यानं रंधा उचलला. तो पुसला. परत ठिवला.

"बसल्याचं माप दुसऱ्यानं घ्यायचं असतंय," म्हणला. "आपणच वाकून घ्याय गेलो की पाठ बदलती, गाठ हालती. आमच्या घरची घेणार होती. आज घिऊ, उद्या घिऊ. तिची मी घेतलेली, ती बसली नीट." मंग हात झटकले. "माझं काय, बसवतील लोक कसंबसं."

कसंबसं म्हणला. जो माणूस सूतभर चूक व्हऊ नये म्हणून टेप दाराला बांधतो, तो.

मी उठले. ठोकळा त्याच्याकडं सरकवला आन भेंडोळ्यातली सुतळी तोडली. मला काय वाटत नव्हतं असं न्हाय वो. परका म्हातारा, रिकाम्या खुर्च्या बघतायत, आन मी कशाचं माप घ्याय निघालेय हे मला चांगलं ठावं होतं. म्हणलं, बसा आप्पा.

"लहानाला कुंद्र," तो म्हणला. "मोठ्याला कुंद्री."

म्हणलं, कुंद्री आप्पा.

तो बसला. शाळंत फोटो काढाय पोरं बसत्यात तसा, दोन्ही हात मांड्यांवर, नजर समोर, छाती फुगवून. म्हणलं, श्वास सोडा, न्हायतर खुर्ची जाड माणसाची हुईल. त्यानं सोडला. टाचंपासनं खळग्यापर्यंत एक गाठ. तितनं पाठीपर्यंत. शंभू सालींच्या ढिगात बसून एक सालपट चघळत होता. कोपरापर्यंत एक. खांद्यापाशी सुतळी टेकवली तवा कळलं, सदऱ्याखाली नुसतं हाडच हाय. तितं गाठ मारताना मी लई हळू मारली.

खिळा मीच मारला, शंभूच्या खिळ्याशेजारी. तो वाकडा गेला. आप्पानं बघितलं आन तसाच राहू दिला. दोन्ही सुतळ्या लटकवल्या, एक एवढीशी, एक लांब. मंग त्यानं माझा अंगठा धरला, लांब सुतळीवर ठिवला आन म्हणला, "डोळं झाक. वळखाय शिक."

मी डोळं झाकलं आन खालनं वर एकेक गाठ चाचपली.

पांगुळगाड्याची दांडी दुसऱ्या दिवशी बसली. शंभूच्या छातीला बरोब्बर लागली. पहिल्यांदा धरून नुसता लोंबला, मंग गाडा सरकला तशी पावलं पडाय लागली आन गल्लीभर चाकाचा खडखडाट. सासूबाईला फोनवर तो आवाजच ऐकवला. त्या म्हणल्या, बघ, मी म्हणलं नव्हतं का, वाहत्या पाण्याचा गुण हाय.

आप्पानं सोताची खुर्ची केली. लई दिवस लावले, लाकूड थांबंना म्हणाला. आता झालीया. सगळ्या खुर्च्यांच्या मधी, जितं ठोकळा होता तितं.

मला भ्या अजून वाटतंच. दुपारी पत्रा तडतडतो, लाकडं वाजत्यात, रंधा थांबतो. मंग मी फळीला तोंड लावून म्हणते, "कुंद्री आप्पा, कुंद्री." पलीकडनं काय येत न्हाय. आधी ठोकळा सरकल्याचा आवाज यायचा, आता तोबी न्हाय, आन त्याची खुर्ची काय कुरकुरत न्हाय. मी फळीला कान लावून थांबते. हाताचा अंगठा आपोआप बोटावर फिरतोय, खालची गाठ, खळग्याची गाठ. थांबते. मंग तिकडनं खोकला येतो, आन मी शंभूच्या मागं पळते, तो एव्हाना गाडा टाकून कोपऱ्यापर्यंत गेलेला असतोय.